अर्धं दार

धोबीतलावच्या त्या परमिट रूमला रस्त्याच्या बाजूने अर्धंच दार होतं. हिरव्या ऑइलपेंटच्या दोन झुलत्या फळ्या, वर मोठ्या माणसाच्या छातीपर्यंत येणाऱ्या आणि खाली जमिनीपासून दीड हात मोकळ्या. साल १९७८, मी नऊ वर्षांची. पगाराच्या शनिवारी दिवेलागण झाली की आई मला ठाकुरद्वारहून पाठवायची. हुकूम ठरलेला असायचा : ‘दारासमोर फुटपाथवर उभी राहा. आत डोकावायचं नाही, हाक मारायची नाही. बाबा बाहेर आले की त्यांचा हात धरून सरळ घरी ये.’

मग मी चिराबाजारातून, मासळीच्या वासातून वाट काढत जायची आणि त्या दारासमोर उभी राहायची. वरून काही दिसायचं नाही, तेवढी उंचीच नव्हती. दाराखालून मात्र पाय दिसायचे. बूट, चपला, एखाद्याचे नुसतेच चपलेतून बाहेर काढून ठेवलेले अनवाणी पाय, पुसट लाद्या, लोखंडी टेबलांचे पाय. त्यात बाबांच्या कोल्हापुरी चपला मला लगेच सापडायच्या, कारण उजव्या चपलेचा अंगठा मोच्याने काळ्या दोऱ्याने शिवून दिलेला होता. मी त्या काळ्या दोऱ्याकडे बघत उभी राहायची. थोड्या वेळाने चपला हलायच्या, खुर्ची मागे सरकल्याचा आवाज यायचा आणि फळ्या ढकलून बाबा बाहेर यायचे. ‘चल गो बाय,’ म्हणायचे. मला कधी फार ताटकळावं लागलं नाही. मी पोचायची आणि त्यांची निघायची वेळ व्हायची, असंच मी समजत होते.

बाबा फोर्टातल्या एका छापखान्यात कंपोझिटर होते. दिवसभर उभं राहून केसमधून एकेक खिळा उचलायचा, स्टिकमध्ये उलटा जुळवायचा. घरी आले तरी त्यांच्या बोटांना शिशाचा करडेपणा असायचा, तो राखेने घासूनही जात नसे. त्या शनिवारच्या रात्री पगाराचं पाकीट आईच्या हातात जायचं, ती ते मोजायची आणि न बोलता डब्यात ठेवायची. बाबांनी घरात कधी हात उगारला नाही, आवाज चढवला नाही. पण महिन्याच्या वीस तारखेनंतर वाण्याकडे उधारी लिहायला आईच जायची, बाबा नाहीत. हेही इथेच सांगून टाकते, नाहीतर पुढचं सगळं उगाच गोड वाटेल.

गेल्या डिसेंबरात माझ्या भाचीने मुंबईतल्या जुन्या बारच्या संध्याकाळच्या फेरीचं बुकिंग केलं. दोन तिकिटं होती. ऐनवेळी तिला ऑफिसात थांबावं लागलं आणि ‘मावशी, तू जाच’ म्हणून ती हटून बसली. मी नाही म्हणणार होते. मग फोनवर आलेल्या यादीत शेवटचा थांबा वाचला. धोबीतलाव, आणि पुढे त्या जागेचं नाव. ते नाव मी पंचेचाळीस वर्षांत कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं. पाटीवर मात्र इतक्या वेळा वाचलं होतं की अक्षरांची वळणंसुद्धा पाठ आहेत.

आई आता पंच्याऐंशीची आहे, माझ्याकडेच असते. तिला न सांगता जाणं मला जमलं नसतं. सांगितलं. ती पोथीवरून मान वर न करता म्हणाली, ‘जाऊन ये. आणि आत काय काय आहे ते नीट बघून मला सांग.’

संध्याकाळी पाच वाजता गेटवेपाशी आम्ही नऊ जण जमलो. फिरवणारी मुलगी तिशीच्या आतली, वसईची, इतिहासात एमए केलेली. मला वाटलं होतं ती समोरच्या ताजकडे बोट दाखवून सुरुवात करील. तिने सुरुवात केली माडापासून. दारू या शहरात बोटीतून आली असं सगळ्यांना वाटतं, ती म्हणाली, पण इथली पहिली बैठक झाडाखालची आहे. माहीम, गिरगाव, वरळी इथल्या वाड्यांमध्ये माड आणि ताड उभे होते. कमरेला कोयता आणि मडकं बांधून भंडारी भल्या पहाटे वर चढायचा, पोय छेदून रस उतरवायचा. माडाची ती माडी, ताडाची ती ताडी. सकाळी गोड असते, ऊन चढेल तशी आंबते आणि दुपारनंतर चढायला लागते. हीच माडी चुलीवर गाळली की तिचा अरक. इंग्रजांनी १८७८ मध्ये अबकारी कायदा केला, झाडागणिक कर बसवला, गाळण्याचा हक्क मक्तेदारांकडे गेला आणि पिढ्यान् पिढ्या झाडावर चढणाऱ्या माणसाला स्वतःच्याच वाडीतल्या माडावर परवान्याशिवाय चढता येईना.

आमच्या गिरगावात भंडाऱ्यांची वस्ती किती जुनी, हे मी लहानपणापासून जाणून होते. पण तिचा आणि त्या हिरव्या दाराचा काही धागा असेल असं कधी मनात आलं नव्हतं. त्या मुलीने पुढे ‘पंच’ची गोष्ट सांगितली. सतराव्या शतकात सुरत-मुंबईकडे आलेले गोरे खलाशी आणि व्यापारी अरक, साखर, लिंबू, पाणी आणि मसाला एकत्र करून मोठ्या भांड्यातून प्यायचे. पाच जिनसांवरूनच इंग्रजीतला ‘पंच’ हा शब्द आला असं अनेक कोशकार मानतात. त्या काळच्या मुंबईतल्या दारूच्या दुकानांना पंच-हाऊसच म्हणत. म्हणजे इथल्या माडाचा अरक आणि इथली मोजणी मिळून साहेबाच्या टेबलावर जाऊन बसली होती.

ताजमधला हार्बर बार १९३३ चा. शहरातला परवाना मिळालेला पहिला बार म्हणून त्याची ख्याती आहे. ताज स्वतः १९०३ मध्ये सुरू झालं, समोरचं गेटवे १९२४ मध्ये पुरं झालं, तेव्हा हॉटेलच्या खिडक्यांतून आधी एकवीस वर्षं नुसता समुद्रच दिसत होता. आम्ही आत जाऊन पंधरा मिनिटं बसलो. सुंदर जागा आहे, वेटर मृदू बोलतात, पाणी काचेपलीकडे काळसर होत जातं. पण माझं मन काही तिथे रमलं नाही.

कुलाबा कॉजवेवरचे दोन थांबे तर गर्दीतच उरकले. लिओपोल्ड १८७१ चं, इराण्यांनी काढलेलं, मुळात तेलाचं घाऊक दुकान. २६ नोव्हेंबर २००८ च्या गोळ्यांच्या खुणा तिथे भिंतीत आणि काचेत तशाच ठेवल्या आहेत आणि लोक त्यांच्यासमोर उभे राहून फोटो काढत होते. मला ते बघवेना, मी बाहेर आले. मोंडेगारच्या भिंतींवर व्यंगचित्रकार मारिओ मिरांडांची माणसं आहेत : फुगीर गालांचे, लांब नाकांचे, हातात ग्लास घेतलेले लोक, गोव्यातले आणि मुंबईतले. ज्यूकबॉक्सवर कुणीतरी नाणं टाकलं तशी आमच्यातली दोन मुलं नाचायला लागली. त्यांचं वय नाचण्याचंच होतं.

काळाघोड्याला अंधार पडला. तिथे मी पहिल्यांदा थकवा विसरून कान टवकारले. एस्प्लनेड मॅन्शनची इमारत, म्हणजे जुनं वॉटसन हॉटेल, आता बंद आहे, तिच्या ओतीव लोखंडाच्या कमानी अंधारात कोरड्या फांद्यांसारख्या दिसतात. हे सगळं लोखंड विलायतेत ओतून बोटीने इथे आणलं होतं. ७ जुलै १८९६ ला ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं हिंदुस्थानात पहिल्यांदा दाखवली गेली ती याच हॉटेलात. इथला बार फक्त गोऱ्यांसाठी होता. रस्त्याच्या पलीकडच्या अंगाला वेसाइड इन नावाचं रेस्टॉरंट होतं. बाबासाहेब आंबेडकर तिथे बसून लिहीत असत असं सांगतात आणि पुढे कित्येक वर्षं दर गुरुवारी दुपारी कवी अरुण कोलटकर तिथल्या खिडकीशी बसायचे. आता ते वेसाइड इन नाही. पण एका चौकात एवढं सगळं. एका बाजूला ज्याच्या दारात इथल्या माणसाला उभं राहता येत नव्हतं ती जागा आणि दुसऱ्या बाजूला, ज्या माणसाने आपल्याला सगळ्या दारांतून आत जाण्याचा हक्क लिहून दिला त्याची खुर्ची. मी तिथे जरा जास्तच वेळ थांबले.

आणि मग हायकोर्टाच्या बाजूला, फुटपाथवर उभं राहून, त्या मुलीने दारूबंदीचा कायदा समजावून सांगितला. सबंध फेरीतला तोच भाग मला सगळ्यात मोलाचा वाटला, कारण माझ्या बाबांच्या आयुष्यातली ती जागा या कायद्याने घडवली होती आणि मला ते ठाऊकच नव्हतं.

१ ऑगस्ट १९३९ ला मुंबईत पहिल्यांदा दारूबंदी आली. काँग्रेसच्या सरकारात आरोग्य आणि अबकारी खात्याचे मंत्री होते डॉ. गिल्डर, स्वतः पारशी. शहरातला दारूचा आणि ताडीचा बराच धंदा पारशांच्याच हाती होता, त्यामुळे त्यांच्याच समाजातून मोठी ओरड झाली. काही महिन्यांतच ते सरकार पायउतार झालं. मग स्वातंत्र्यानंतर १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा आला, मोरारजी देसाईंच्या आग्रहाचा. त्याला एफ. एन. बलसारा नावाच्या एका नागरिकाने कोर्टात आव्हान दिलं. १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला : दारूबंदीचा मूळ कायदा कायम, पण अल्कोहोल असलेली औषधं आणि कोलन वॉटरसारख्या प्रसाधनाच्या वस्तू त्यातून बाहेर.

या कायद्याने पिणाऱ्याचे दोन भाग केले. ज्याला डॉक्टरचा दाखला मिळे, ज्याला सरकारी कचेरीत अर्ज करता येई, त्याला प्रकृतीच्या कारणासाठी म्हणून परमिट मिळायचं. बाकीच्यांसाठी हातभट्टी. काळा गूळ आणि नवसागर घालून पिंपात कुजवलेलं रसायन, रात्री खाडीकाठी गाळायचं आणि सायकलच्या किंवा मोटारीच्या ट्यूबमध्ये भरून शहरात आणायचं. वांद्रे, माहीम, धोबीतलाव इथे घराघरांतून ‘आंटीचे’ अड्डे उभे राहिले. बहुतेक त्या विधवा किंवा नवरा बोटीवर गेलेल्या बाया. पुढल्या खोलीत दोन बाकडी, देवाच्या तसबिरीखाली दिवा, उकडलेली अंडी आणि पोलिसाचा हप्ता.

साठीच्या दशकापासून कायदा सैल होत गेला, परमिट मिळणं सोपं झालं आणि ज्या खोलीत परमिटवाल्याने बसून प्यायचं ती परमिट रूम. शब्द तिथून आला. कायदा अजून आहे. आजही महाराष्ट्रात प्यायला परवाना लागतो. एका दिवसाचा विदेशी मद्यासाठी पाच रुपयांचा, देशीसाठी दोन रुपयांचा, आजीव हजाराचा. बिअरला वय एकवीस, कडक दारूला पंचवीस. सगळं लिहिलेलं आहे.

आमच्यातल्या एका गृहस्थांनी विचारलं, मग दारूबंदी हवी की नको? ती मुलगी हसून म्हणाली, मी फक्त फिरवते, काका. मला मात्र त्यांना उत्तर द्यावंसं वाटलं आणि तिथे दिलं नाही ते इथे देते. २०१५ च्या जूनमध्ये मुंबईतच, मालाडच्या मालवणीत विषारी दारूने शंभराहून जास्त माणसं गेली. दुकानात दारू मिळत असतानाही गरिबाच्या वाट्याला ही स्वस्तातली मिथेनॉलची पिशवी येते, तर दुकानंच नसतील तेव्हा काय होत असेल? म्हणून सरसकट बंदी मला पटत नाही. पण गावोगावच्या बायकांनी ‘उभी बाटली की आडवी बाटली’ अशा मतदानाला रांगा लावून, निम्म्याहून अधिक मतं आडव्या बाटलीला देऊन आपल्या वस्तीतलं दुकान बंद पाडलं, त्या बायकांपुढे मी हात जोडते. त्यांनी कायद्याचं पुस्तक वाचून मत दिलं नव्हतं, घरातला डबा मोजून दिलं होतं. या दोन्ही गोष्टी मला एकाच वेळी खऱ्या वाटतात आणि त्यांचा मेळ घालायला मी निघालेली नाही.

फोर्टात, टॅमरिंड लेनच्या तोंडाशी, आम्ही मिलिटरी कॅफेत बसलो. संगमरवरी टेबलं, वाकवलेल्या लाकडाच्या खुर्च्या, खिमा-पाव आणि थंड बिअर. इराण्यांच्या या जागा मला फार आवडतात. इथे टेबलाशी कुणीही बसू शकतं, वकील, शिपाई, एकटी बाई. भिंतीशी एक म्हातारे पारशी गृहस्थ एकटेच बसले होते. समोर बिअरची अर्धी बाटली, बाजूला घडी घातलेलं वर्तमानपत्र. वेटरने न विचारता त्यांच्यापुढे सली बोटी आणून ठेवली. त्यांनीही मान वर केली नाही. किती वर्षांची ओळख असेल, तेव्हा हे जमतं.

बाबांचा छापखाना याच भागात, दोन गल्ल्या सोडून होता. मी त्या मुलीला दोन मिनिटं मागितली आणि जाऊन आले. तिथे आता कुरियरचं ऑफिस आहे. खालच्या पायरीचा दगड मात्र तोच आहे, मधोमध झिजून खोलगट झालेला. संध्याकाळी साडेसहाला बाबा या पायरीवरून उतरत आणि चालत निघत. ठाकुरद्वारला जायचा सरळ रस्ता धोबीतलावावरूनच. म्हणजे ती परमिट रूम त्यांनी शोधून काढली नव्हती, ती वाटेतच होती. छापखाना आणि दहा बाय बाराची खोली यांच्या बरोबर मध्ये. त्या खोलीत आम्ही सहा जण राहायचो. घरी बाबांची स्वतःची अशी खुर्ची नव्हती. हे मी त्या पायरीवर उभी असताना पहिल्यांदा मोजलं.

धोबीतलावाला पोचलो तेव्हा आठ वाजून गेले होते. मेट्रो सिनेमासमोर, जेर महालच्या खाली उभं राहून तिने कुडांची, म्हणजे गोवेकरांच्या सामायिक बिऱ्हाडांची, माहिती दिली. गोव्यातल्या एकेका गावाने मुंबईत आपापली कूड काढलेली असते. बोटीवर जाणारे तारवटी, हॉटेलांतले खानसामे, बँडवाले, सगळे आपल्या गावच्या कुडीत उतरायचे. भिंतीकडेने ओळीने प्रत्येकाची ट्रंक, कोपऱ्यात सायबाचं अल्तार, रात्री सगळ्यांनी मिळून म्हणायचा तेर्स, म्हणजे जपमाळेची प्रार्थना. एवढ्या एकट्या पुरुषांच्या वस्तीत खानावळी आणि पिण्याच्या जागा निघणारच. आमच्या चाळीतल्या बायका त्या बाजूचं नाव काढलं की नाक मुरडत. पण ते दर्यावर्दी आणि आमचे गिरणीतले, छापखान्यातले पुरुष एकाच प्रकारचे होते, गाव मागे ठेवून इथे दुसऱ्याच्या घड्याळावर जगणारे.

आणि मग ती गल्ली.

पाटी बदलली आहे, दिव्याची झाली आहे. वर एसी रूम केली आहे, तिथे बायका-माणसं जातात. खालचा भाग जुनाच. आणि दार तेच. हिरव्याऐवजी चॉकलेटी रंग, पण फळ्या त्याच उंचीच्या. आता त्या माझ्या हनुवटीच्या खाली आल्या. ‘वर बसायचं की खाली?’ मुलीने विचारलं. बाकीचे वर गेले. मी म्हटलं, मी खाली बसते. तिने माझ्याकडे एकदा बघितलं आणि काही न विचारता माझ्याबरोबर खाली आली.

आत सात टेबलं होती. मी मोजली, आईला सांगायची म्हणून. छताला दोन पंखे, लांब दांड्याचे. गल्ल्याच्या मागे लाकडी कपाट, काचेची दारं, त्यात बाटल्यांच्या रांगा, वर साईबाबांची तसबीर आणि मोगऱ्याचा हार. भिंतीला चौकटीत लावलेला परवाना, एफएल-३. काउंटरवरच्या माणसाने पितळेच्या मापाने थर्टी मोजून ग्लासात ओतली, माप उलटं करून ग्लासाच्या काठावर दोनदा टेकवलं, शेवटचा थेंब पडेपर्यंत. वेटर सत्तरीचा, कुंदापूरकडचा, चाळीस वर्षं इथेच. ‘ताई, काय आणू?’ मी लिंबू सोडा सांगितला. त्याने बरोबर एका स्टीलच्या वाटीत उकडलेले चणे आणले, वर चिरलेला कांदा, लाल तिखट. आणि एक उकडलेलं अंडं. अंडं त्याने माझ्यासमोर दोऱ्याने कापलं. खिशातून पांढरा दोरा काढला, एक टोक दातात, एक बोटात, अंड्याभोवती वेढा देऊन ओढला आणि अंडं सरळ दोन फाकांत उघडलं. पिवळा बलक जराही कुस्करला नाही. बाबा सणाला घरी अंडी असेच कापायचे. आई म्हणायची, सुरी आहे ना. ते म्हणायचे, सुरीने बलक फुटतो.

फार बोलत नव्हतं कुणी. आई मनात रंगवायची तसं काही तिथे नव्हतं, आरडाओरडा नाही, पत्ते नाहीत. पुरुष एकेकटे किंवा दोघं-दोघं बसलेले, नव्वद मिलीचा ग्लास पुढे घेऊन, पंख्याखाली. एक जण मोबाइलवर मुलीशी बोलत होता, गणिताचा पेपर कसा गेला विचारत होता. वेटर येऊन त्याचा ग्लास सरकवून टेबल पुसून गेला. त्या माणसाला तिथे कुणी काही मागत नव्हतं. एवढं मला स्पष्ट दिसलं. तो तिथे सुखी होता का, हे दिसलं नाही आणि ग्लास संपल्यावर त्याने दुसरा मागवला तोही मी पाहिला.

बाबांचं टेबल कुठलं ते मला बाहेरून माहीत होतं. डाव्या भिंतीचं, दुसरं. तिथे बसलेले गृहस्थ उठले तसं मी ग्लास घेऊन तिकडे गेले. भिंतीला पाठ करून बसले, बाबांच्या चपला ज्या दिशेला असायच्या त्या दिशेने पाय ठेवून.

समोर दार होतं. फळ्यांच्या वरून रस्त्याचा उजेड आणि बसचं छप्पर. फळ्यांच्या खालून फुटपाथची फरशी, बरोबर समोर, चार पावलांवर. माणसांचे पाय येत होते, जात होते. एक कॉलेजची मुलगी कुणाची तरी वाट बघत थांबली, तिचे पांढरे बूट, एका बुटाची सुटलेली लेस. ती वाकून लेस बांधेपर्यंत मी त्या बुटांकडे बघत होते. टेबलाशी बसलेल्या माणसाला मान वळवावीसुद्धा लागत नव्हती. ग्लास उचलला की नजर तिथेच जात होती.

माझ्या तेव्हाच्या रबरी सपाता निळ्या पट्ट्यांच्या होत्या.

फिरवणाऱ्या मुलीने विचारलं, काकू, बरं वाटतंय ना? मी म्हटलं, हो. चणे छान आहेत.

घरी पोचले तेव्हा साडेदहा वाजले होते. आई जागी होती. मी तिच्या पलंगावर बसले आणि सगळं सांगितलं, सात टेबलं, दोन पंखे, साईबाबा, पितळेचं माप, दोऱ्याने कापलेलं अंडं. अंड्याचं ऐकून ती जराशी हसली. मग मी दाराचं सांगितलं. म्हटलं, आई, त्या टेबलावरून फुटपाथवरचे पाय दिसतात. मी तिथे जाऊन उभी राहायची ना, ते त्यांना दिसायचं. म्हणून ते लगेच उठायचे.

ती बराच वेळ पायांवरची चादर सारखी करत राहिली.

‘ठाऊक आहे मला,’ म्हणाली. ‘तुझ्याआधी मीच जायची. उन्हाळाभर गेले. तिथेच उभी राहायची, त्याच जागी. तास-तासभर.’

मग तिने उशाशी ठेवलेला चश्मा डबीत घातला आणि मला दिवा मालवायला सांगितला.